एका सुरातले अनेक

कर्जतमध्ये वाढलेल्या मुलाला आगगाडीचा ठेका शिकवावा लागत नाही. आमच्या लहानपणी पुण्याकडे निघालेली प्रत्येक गाडी बोरघाट चढण्याआधी कर्जतला थांबायची. मागून जादा इंजिने येऊन डब्यांना भिडायची, सगळ्या गाडीला एक धक्का बसायचा, फलाटावर वडेवाल्यांची शेवटची धावपळ व्हायची आणि मग ती अजस्र गाडी अगदी सावकाश, जणू एकेक अक्षर लावत वाचायला शिकणाऱ्या मुलासारखी, पळसदरीच्या दिशेने सरकू लागायची. हळूहळू अक्षरांची वाक्ये व्हायची. आम्ही पोरे रुळांच्या कडेला उभे राहून हाताने मांडीवर तो ठेका धरत असू.

१९६८ साली हृषीकेश मुखर्जींचा ‘आशीर्वाद’ आला. त्यात अशोककुमार मुलांना घेऊन स्वतःच्याच आवाजात आगगाडीचे गाणे म्हणतात. ते गाणे म्हणजे जवळजवळ बोलणेच. पण त्या बोलण्याला गाडीची लय अशी काही लावली होती की, आमच्या स्टेशनातला ठेका कुणीतरी चोरून पडद्यावर नेला, असे आम्हा मुलांना वाटले. चाल कुणाची, हे विचारण्याचे ते वय नव्हते. शाळेत रोज सकाळी ‘दो आँखें बारह हाथ’मधली प्रार्थना म्हणत होतो, तिचा संगीतकार कोण हेही आम्हाला ठाऊक नव्हते. ‘श्यामची आई’ पाहून शाळा रडली होती, तेव्हाही पाटीवरचे नाव कुणी वाचले नव्हते. पुढे मी शिक्षक झालो आणि दूरदर्शनवर जाळे घेऊन उडणाऱ्या पाखरांचा एक लहानसा चित्रपट वारंवार दिसू लागला. त्याच्या संगीताने मला एका प्रसंगी चांगलेच जागे केले. तेव्हा कुठे मी नाव शोधले आणि लक्षात आले, की ही चारही कामे एकाच माणसाची आहेत. त्यांचे नाव वसंत देसाई.

वसंतरावांची चित्रपटगीते सगळ्यांना ठाऊक आहेत. त्यांच्यावर लिहिणारे बहुधा ‘झनक झनक पायल बाजे’पाशी किंवा ‘गूँज उठी शहनाई’पाशी थांबतात. मला मात्र त्या पाखरांच्या चित्रपटाबद्दल, म्हणजे ‘एक अनेक और एकता’बद्दल लिहायचे आहे. जेमतेम सात मिनिटांचा हा शैक्षणिक चित्रपट फिल्म्स डिव्हिजनने १९७४ साली काढला. त्याला तिकीट नव्हते, नट-नट्या नव्हत्या, ध्वनिमुद्रिकांची विक्री नव्हती. तरीही वसंतरावांच्या आयुष्यभराच्या साधनेचा अर्क त्या सात मिनिटांत उतरला आहे, असे मला वाटते. का वाटते, ते सांगण्यासाठी थोडे मागे जावे लागेल.

वसंत कृष्ण देसाई यांचा जन्म ९ जून १९१२ रोजी कुडाळजवळच्या सोनवडे गावचा. हा मुलूख तेव्हा सावंतवाडी संस्थानात होता. दशावताराचा, भजनांचा आणि देवळातल्या उत्सवांचा हा प्रदेश. इथे गाणे ऐकणारा आणि गाणारा यांच्यात फारसे अंतर नसते. भजनात बुवा एक ओळ टाकतो आणि देवळात बसलेला प्रत्येक जण ती उचलतो. कुणाचा आवाज चांगला आणि कुणाचा वाईट, हा प्रश्न तिथे येतच नाही. पुढच्या आयुष्यात वसंतराव कितीही मोठ्या वाद्यवृंदासमोर उभे राहिले, तरी हे देवळातले शिक्षण त्यांच्याबरोबर राहिले असले पाहिजे, असे त्यांच्या चाली ऐकताना वाटते.

१९२९ साली कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनी निघाली आणि अगदी सुरुवातीच्या काळातच हा तरुण तिथे दाखल झाला. प्रभातमध्ये माणूस कुठल्या एका कामासाठी नसे. वसंतरावांनी ‘खुनी खंजीर’ या मूकपटात काम केले, १९३२ च्या ‘अयोध्येचा राजा’ या पहिल्या मराठी बोलपटात ते गायले, आणि त्याच वेळी संगीत विभागात जे पडेल ते करत राहिले. गोविंदराव टेंबे, केशवराव भोळे, मास्टर कृष्णराव अशा थोर संगीतकारांचे काम त्यांनी जवळून पाहिले. वाद्ये जुळवणे, मुलांच्या घोळक्याकडून गाणी बसवून घेणे, पडद्यावरच्या हालचालीशी सूर मिळवणे, अशा न दिसणाऱ्या कामांतच चित्रपटसंगीताची खरी शाळा होती. ‘प्रभात’ची शिस्त आणि उस्तादांकडची तालीम या दोहोंतून हा संगीतकार घडला.

१९४२ साली व्ही. शांताराम प्रभातमधून बाहेर पडले आणि त्यांनी मुंबईत राजकमल कलामंदिर काढले. १९४३ चा ‘शकुंतला’ हा राजकमलचा पहिला चित्रपट. त्याचे संगीत वसंतरावांचे. मग ‘डॉ. कोटणीस की अमर कहानी’, ‘लोकशाहीर रामजोशी’, ‘अमर भूपाळी’, ‘झनक झनक पायल बाजे’, ‘दो आँखें बारह हाथ’ अशी मालिकाच सुरू झाली. होनाजी बाळाच्या आयुष्यावरचा ‘अमर भूपाळी’ कान महोत्सवापर्यंत गेला आणि ध्वनिमुद्रणासाठी तिथे गौरवला गेला. १९५३ साली आचार्य अत्र्यांच्या ‘श्यामची आई’लाही त्यांचेच संगीत होते. १९५९ साली ‘गूँज उठी शहनाई’साठी त्यांनी बिस्मिल्ला खाँसाहेबांची सनई चित्रपटात आणली. मराठी रंगभूमीवर ‘पंडितराज जगन्नाथ’सारख्या नाटकांची पदे त्यांनी बांधली. १९६६ साली एम. एस. सुब्बुलक्ष्मी यांनी संयुक्त राष्ट्रसंघात विश्वमैत्रीचे जे संस्कृत गीत गायिले, ते कांचीच्या शंकराचार्यांनी रचलेले आणि वसंतरावांनी स्वरबद्ध केलेले. कोकणातल्या देवळापासून न्यूयॉर्कच्या सभागृहापर्यंतचा हा प्रवास थक्क करणारा आहे यात शंका नाही.

पण या यादीत एक धागा सहज नजरेतून सुटतो. वसंतरावांच्या सर्वाधिक टिकलेल्या चालींपैकी कितीतरी चाली एकट्या गळ्याच्या नाहीत, समूहाच्या आहेत. ‘दो आँखें बारह हाथ’ ही खुल्या तुरुंगातल्या सहा कैद्यांची कहाणी. तिच्यातली प्रार्थना देशभरच्या शाळांनी उचलली. १९७१ च्या ‘गुड्डी’तली प्रार्थना केदार रागात बांधलेली, तीही चित्रपटातल्या शाळेतून खऱ्या शाळांत गेली. एखादी चाल शाळेने उचलणे ही सोपी गोष्ट नव्हे. तिथे वाद्यवृंद नसतो, असलीच तर एक खरखरणारी पेटी असते. गाणाऱ्यांत पहिलीतला मुलगाही असतो आणि आवाज फुटलेला सातवीतलाही. अशा दीडशे-दोनशे मुलांनी रोज सकाळी म्हटली तरी जी चाल मोडत नाही, तिची बांधणी किती पक्की असली पाहिजे!

या विषयाकडे वसंतराव केवळ चित्रपटापुरते पाहत नव्हते. समूहगायन हा त्यांच्या जिव्हाळ्याचा विषय होता. ‘एक सूर एक ताल’ या उपक्रमातून त्यांनी महाराष्ट्रातल्या हजारो शाळकरी मुलांना एकत्र गायला शिकवले. आमच्या अध्यापक विद्यालयातले संगीताचे गुरुजी अशाच एका शिबिराला जाऊन आले होते. त्यांनी आम्हाला जी सूत्रे सांगितली, ती माझ्या वहीत अजून आहेत. ओळ लहान हवी, म्हणजे मुलाचा श्वास पुरतो. चाल शक्यतो एका सप्तकात फिरावी, म्हणजे लहान मुलगा वर ताणत नाही आणि मोठा खाली घसरत नाही. ठेका असा असावा, की टाळीवर धरता यावा. आणि ओळीच्या शेवटी थोडी जागा मोकळी सोडावी, म्हणजे मागे पडलेल्याला गाठता येते. या शेवटच्या सूत्राचा अर्थ मला फार उशिरा कळला. त्याबद्दल पुढे सांगतो.

आता त्या सात मिनिटांकडे वळू. फिल्म्स डिव्हिजन १९४८ साली सुरू झाली आणि मुख्य चित्रपटाआधी तिचे माहितीपट दाखवणे चित्रपटगृहांना बंधनकारक होते. खोपोलीच्या थिएटरात ते सुरू झाले, की निम्मे प्रेक्षक चहा प्यायला बाहेर राहत. पाटबंधारे, लसीकरण, भातशेती, अल्पबचत असे विषय. त्या चित्रपटांना संगीत असते हेच मुळी कुणाच्या ध्यानात येत नसे. उदयशंकरांच्या नृत्यपथकाचे संगीत सांभाळलेले विष्णुदास शिराळी, रविशंकरांचे शिष्य बासरीवादक विजय राघव राव अशा मोठ्या कलावंतांनी हे काम वर्षानुवर्षे केले, पण त्यांची नावे घराघरांत पोचली नाहीत.

वास्तविक हे काम चित्रपटगीतापेक्षा जास्त गैरसोयीचे. गीताला स्वतःची तीन-साडेतीन मिनिटे मिळतात आणि तेवढा वेळ कॅमेराही त्याचा नोकर असतो. माहितीपटात संगीत नोकर. पस्तीस मिलिमीटरची फिल्म मिनिटाला नव्वद फूट धावते. तेव्हा संगीतकाराला मिनिटे नव्हे, फूट मोजावे लागतात. चाळीस फुटांत बैल चिखलणी करून बाहेर पडला पाहिजे आणि सुरावटही तिथेच संपली पाहिजे. वरून निवेदकाचा आवाज. त्याच्याशी झगडेल असा सूर चालत नाही. शिवाय तोच चित्रपट अनेक भाषांत निघायचा. एका भाषेतले वाक्य लांब, दुसऱ्या भाषेतले आखूड. पण खालचे संगीत तेच. म्हणजे प्रत्येक भाषेला पुरेल आणि कुठल्याच भाषेला आडवे येणार नाही, असे ते बांधायचे.

अॅनिमेशनमध्ये हाच क्रम बहुधा उलटा होतो. तिथे आवाज आधी ध्वनिमुद्रित करतात, मग तो चौकटी-चौकटींत मोजून कागदावर उतरवतात आणि त्यावरून चित्रकार चित्रे काढतो. सेकंदाला चोवीस चौकटी. सात मिनिटांच्या दहा हजार ऐंशी चौकटी होतात. एक चित्र दोन चौकटी धरले, तरी पाच हजारांहून अधिक चित्रे. संगीतकाराने ठेका जरा घाईत धरला, तर पाखरांचे पंख घाईत हलणार. चुकीला जागा नसते.

‘एक अनेक और एकता’ ही विजया मुळे यांची निर्मिती. मुंबईत जन्मलेल्या, पाटण्यात आणि दिल्लीत फिल्म सोसायटीच्या चळवळीत रमलेल्या विजयाताईंनी शैक्षणिक चित्रपट हे आपले कार्यक्षेत्र मानले. चित्रे भीमसेन यांची. याच भीमसेन यांनी पुढे ‘घरौंदा’ दिग्दर्शित केला. शब्द दिल्लीच्या गांधर्व महाविद्यालयाचे संस्थापक पंडित विनयचंद्र मौद्गल्य यांचे. ते विष्णु दिगंबर पलुस्करांच्या परंपरेतले, म्हणजे सामान्य माणसाच्या गळ्यापर्यंत संगीत नेण्याचे व्रत घेतलेल्या परंपरेतले. गाणाऱ्यांत दाभोळची कोवळ्या वयाची एक मुलगी होती. पुढे तिला आपण साधना सरगम म्हणून ओळखू लागलो. एवढी माणसे एका लहानशा कामासाठी एकत्र आली होती.

गोष्ट पंचतंत्रातली. एक मूल विचारते, एक म्हणजे काय आणि अनेक म्हणजे काय. मोठी मुलगी सूर्य, चंद्र, तारे दाखवत समजावते. मग जाळ्यात सापडलेली पाखरे एकाच वेळी पंख मारून जाळ्यासकट उडतात, आणि उंदीर मित्र ते जाळे कुरतडतात. शेवटी निरनिराळ्या प्रांतांच्या वेषातली मुले एकत्र गातात. वसंतरावांनी इथे काय केले ते नीट ऐकावे. प्रश्न एकटा आवाज विचारतो. उत्तर एकटाच आवाज देतो. मग हळूहळू आवाज मिसळत जातात आणि अखेरीस सगळा घोळका एका ठेक्यावर येतो. शब्दांनी जे सांगितले, तेच आवाजांच्या संख्येने सांगितले. हिंदी न समजणाऱ्या मुलालाही एक आणि अनेक यांतला फरक कानाने कळतो. शिकवणारे संगीत म्हणतात ते हे.

हे माझ्या लक्षात आले त्याला एक निमित्त घडले आणि ते माझ्या नावाला शोभणारे नाही. १९८० च्या दशकात मी खालापूर तालुक्यातल्या एका प्राथमिक शाळेत होतो. रोज कर्जतहून खोपोलीच्या गाडीने जायचे, पुढे चालत. पटावर गावातली मुले होती, ठाकरवाडीतली होती आणि कातकरी वाडीतलीही. पंधरा ऑगस्टच्या कार्यक्रमाला पाहुणे येणार होते. मी समूहगान बसवले. सगळे छान जमत होते. फक्त कडेला उभा राहणारा एक कातकरी मुलगा दर ओळीला किंचित मागे पडायचा. आवाज मोठा, खडा, रानात हाळी घालून कमावलेला. त्यामुळे ते मागे पडणे सगळ्यांना ऐकू यायचे. मी त्याला जवळ घेतले आणि कार्यक्रमात नुसते ओठ हलवायला सांगितले. त्याने मान डोलावली. पंधरा ऑगस्टला त्याने ओठ हलवले. पाहुण्यांनी गाण्याचे कौतुक केले.

त्यानंतर काही दिवसांनी ग्रामपंचायतीच्या दूरदर्शन संचावर पाखरांचा तो चित्रपट लागला. मुले ओट्यावर दाटीवाटीने बसली होती, तोही होता. तोवर मुलांना ते गाणे पाठ झाले होते. शब्दांतले निम्मे त्यांना कळत नव्हते; घरी कुणी कातकरी बोलायचे, कुणी ठाकरी, कुणी आगरी वळणाची मराठी. पण चाल सगळ्यांची होती. गाणे सुरू झाले तसा सगळा ओटा गाऊ लागला. त्या मुलाचाही खडा आवाज वर आला. तो अजूनही मागे पडत होता. पण प्रत्येक ओळीच्या शेवटी चालीत एक लहानशी मोकळी जागा होती आणि त्या जागेत तो धापा टाकत बाकीच्यांना गाठत होता. कुणालाही काही खटकले नाही. उलट तो येऊन मिळाला, की ओळ पुरी झाल्यासारखी वाटायची.

मला माझ्या वहीतले चौथे सूत्र आठवले. ते मी परीक्षेत लिहिले होते. त्यावर गुण मिळवले होते. वसंतरावांनी जो मुलगा मोजून चाल बांधली होती, त्यालाच मी गाण्यातून वगळले होते. माझ्या समूहगानात सूर एक होता, पण अनेक नव्हते.

पुढच्या आठवड्यापासून त्याला पुन्हा गायला लावायचे मी ठरवले आणि लावलेही. पण दिवाळी झाली आणि दरवर्षीप्रमाणे कातकरी वाडी वीटभट्ट्यांकडे निघाली. जूनमध्ये इतर मुले परतली, तो आला नाही. माझ्या त्या एका सांगण्यामुळे तो शाळेला दुरावला, असे म्हटले तर ती स्वतःला उगाच मोठेपण देण्याची रीत होईल. पोटाचा प्रश्न माझ्या समूहगानापेक्षा फार मोठा होता. पण शाळेने त्याला दिलेल्या थोड्या आठवणींत एक आठवण ओठ हलवण्याची आहे, ही गोष्ट काही केल्या पुसता येत नाही. नंतरच्या सगळ्या वर्षांत मी कुठल्याच मुलाला गप्प केले नाही. माझी समूहगाने त्यामुळे स्पर्धांत कधी पहिली आली नाहीत.

वसंतराव मात्र हे यश पाहायला राहिले नाहीत. १९७३ साली गुलजारांच्या ‘अचानक’ला त्यांनी पार्श्वसंगीत दिले. त्यात एकही गीत नव्हते. नुसत्या सुरांनी प्रसंग पेलायचा होता. पुढच्या वर्षी पाखरांचा हा चित्रपट आला आणि सर्वोत्कृष्ट शैक्षणिक चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कारही त्याला मिळाला. २२ डिसेंबर १९७५ रोजी दिवसभराचे ध्वनिमुद्रण आटोपून घरी परतताना लिफ्टच्या अपघातात वसंतरावांचा अंत झाला. वय अवघे त्रेसष्ट. गावोगावी दूरदर्शन संच पोचायला अजून पुष्कळ अवकाश होता. आपण बांधलेल्या सात मिनिटांवर एक अख्खी पिढी वाढणार आहे, याची कल्पना त्यांना असणे शक्यच नव्हते. मी त्यांच्या मृत्यूनंतर सहा महिन्यांनी, जून १९७६ मध्ये, नोकरीला लागलो.

फिल्म्स डिव्हिजनही आता वेगळी उरली नाही. २०२२ साली तिचे काम राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाकडे सोपवले गेले. चित्रपटगृहातले ते सक्तीचे माहितीपट कधीच इतिहासजमा झाले. पाखरे मात्र मोबाइलच्या पडद्यावर अजून उडतात. मागे एकदा खोपोलीच्या गाडीत एक तरुण आई आपल्या मुलाला तो चित्रपट दाखवत होती. लौजी गेले, खोपोली जवळ आली. मुलगा ठेक्यावर पाय हलवत होता आणि शब्द येत नव्हते तिथे नुसता सूर लावत होता.

एकाच सुरात सगळ्यांना आणायचे, तर दोन वाटा आहेत. ज्यांना जमत नाही त्यांना गप्प करायचे, ही एक. ती सोपी आणि सुबक. दुसरी वाट म्हणजे चालच अशी बांधायची, की मागून येणाऱ्यालाही तिच्यात जागा असेल. ही वाट कठीण, कारण त्यासाठी संगीतकाराला स्वतःची हुशारी आवरती घ्यावी लागते. वसंतरावांसारखा रागदारीत मुरलेला माणूस ती घेऊ शकला. बोधपटाला संगीत देणे म्हणजे बोध शब्दांवर सोडून खाली वाद्ये वाजवणे नव्हे, हे त्या सात मिनिटांनी मला शिकवले. निदान मी तरी त्यातून जे शिकलो, ते अध्यापक विद्यालयात शिकलो नव्हतो.

निवृत्त होऊन आता बरीच वर्षे झाली. पंधरा ऑगस्टला आसपासच्या शाळांत बोलावणे असते. समूहगान सुरू झाले, की लोक मधल्या, पुढे उभ्या राहिलेल्या मुलांकडे पाहतात. माझी नजर मात्र कडेच्या मुलावर जाते. त्याचे ओठ हलताहेत की तो खरोखरच गातो आहे, हे मी कान देऊन ऐकत राहतो.